मेमधल्या पाण्यावर झाडं मोजा: सोलापूरच्या नारळ-शहाळे उत्पादकांसाठी उन्हाळी सल्ला

एप्रिल-मेमध्ये जे शहाळं उतरवाल, त्याची पोय (फुलोरा) ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्येच उमललेली असते. त्यामुळे आता फेब्रुवारीत खताची गोणी ओतून यंदाची शहाळी वाढत नाहीत. आत्ता हातात एवढंच आहे की धरलेली बोंडं (कोवळी फळं) गळू द्यायची नाहीत आणि फळ पोसायला पाणी कमी पडू द्यायचं नाही. पण या उन्हाळ्याचा ताण पुढे लांबपर्यंत भोगावा लागतो. पोयीचा अंकुर झाडाच्या गाभ्यात ती उमलण्याच्या सुमारे ३२ महिने आधी धरतो आणि उमलल्यावर नारळ पक्व व्हायला आणखी वर्षभर जातं. ‘पाऊस तर चांगला झाला, मग माल का कमी?’ असं विचारणाऱ्यांनी दोन वर्षांपूर्वीचा उन्हाळा आठवून बघावा.

पाणी किती, हे अंदाजावर सोडू नका

पूर्ण वाढलेल्या झाडाचं आळं बुंध्यापासून १.८ मीटर त्रिज्येचं धरलं तर क्षेत्र साधारण १० चौरस मीटर होतं. आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये उघड्या भांड्यातून दिवसाला १० ते १३ मिलिमीटर पाणी उडून जातं. त्याचा दोन तृतीयांश भाग झाडाला द्यायचा, हा ठिबकचा मान्य हिशेब आहे. म्हणजे झाडाला रोज ६५ ते ८५ लिटर. फेब्रुवारीत ४० ते ४५ लिटरवर भागतं, मार्चपासून वाढवत न्या. कोकणातल्या पुस्तिकेत ३०-३५ लिटरचा आकडा दिसतो. तो दमट हवेतल्या बागेचा आहे. बार्शी-करमाळ्याच्या कोरड्या वाऱ्यात त्या आकड्यावर झाड हिरवं राहतं, पण बोंडं गळतात.

बुंध्यापासून एक ते सव्वा मीटरवर चारही बाजूंना एकेक, तासाला ८ लिटरचे चार ड्रिपर लावा. तासाला ३२ लिटर पडतात, अडीच तासांत ८० लिटर होतात. ड्रिपर बुंध्याला चिकटवून ठेवण्याची चूक फार ठिकाणी दिसते. पाणी ओढणारी मुळं तिथे नसतात, ती आळ्याच्या बाहेरच्या अर्ध्या भागात असतात. भारी काळ्या रानात रोज थोडं देण्यापेक्षा दिवसाआड दुप्पट दिलं तर ओल खोल जाते. मुरमाड, हलक्या रानात मात्र रोजच द्या. वीज रात्रपाळीची असेल तर उत्तमच, कारण बाष्पीभवन कमी होतं. फक्त सकाळी एकदा लाईनवरून चालत जा. बोअरच्या क्षारांनी ड्रिपर बुजतात आणि एका बाजूचे दोन ड्रिपर बंद असले तरी वरून काही कळत नाही. महिनाभराने त्या झाडाची बोंडं खाली पडलेली दिसतात, तेव्हा उशीर झालेला असतो.

आता एकराचा हिशेब. ७.५ मीटर अंतरावर एकरी ७० झाडं बसतात. ८० लिटरने रोज ५,६०० लिटर, आणि फेब्रुवारी ते मे या १२० दिवसांचे पावणेसात लाख लिटरच्या आसपास. उजनी धरण मायनसमध्ये, म्हणजे मृत साठ्यात गेलं, कालव्याचं आवर्तन लांबलं आणि विहिरीने तळ गाठला की हे पाणी टँकरने आणून परवडत नाही. म्हणून या जिल्ह्यात सलग नारळबागेपेक्षा विहिरीजवळच्या बांधावर, शेततळ्याच्या कडेने किंवा उसाच्या पाटाच्या बाजूला १५-२० झाडं बरी, असं आमचं स्पष्ट मत आहे. २० झाडांना रोज १,६०० लिटर लागतात, ते मेमध्येही निघतात. बारमाही पाण्याची खात्री असलेल्या भीमा-नीरा काठच्या शेतकऱ्याने एकराचा विचार करावा. पण तिथली पाणथळ, चोपण (खारवट, निचरा न होणारी) झालेली जमीन टाळावी. नारळ थोडा खार सोसतो, मुळाशी साचलेलं पाणी सोसत नाही.

पाणी खरंच तुटलं तर सगळ्या झाडांना चिमूटभर देऊ नका. फळावरची, चांगल्या वयाची झाडं निवडा आणि त्यांना निम्मं तरी पाणी नेमाने द्या. खालच्या, लोंबकळलेल्या तीन-चार पिवळ्या झावळ्या काढा. घडावर सहा महिन्यांची फळं असतील तर ती पिकण्याची वाट न पाहता शहाळं म्हणून उतरवा. झाडावरचा भार तेवढा कमी होतो.

आच्छादन आणि फेब्रुवारीचा खताचा हप्ता

आच्छादनाला आपल्या जिल्ह्यात काही विकत आणावं लागत नाही. उसाचं पाचट आळ्यात चार ते सहा इंच जाड पसरा, बुंध्याभोवती अर्धा फूट मोकळा ठेवा. वाळवी लागणाऱ्या रानात पाचटाखाली निंबोळी पेंडेचा थर द्या. नारळाची सोडणं (वरची जाड सालं) मिळाली तर ती पालथी, म्हणजे फुगीर बाजू वर करून आळ्यात मांडा. चर काढून पुरायची असतील तेव्हा उलटं करायचं: खोलगट बाजू वर, म्हणजे त्यात पाणी धरून राहतं. पाचट पेटवून देणारे शेजारी असतील तर त्यांच्याकडून ते मागून आणा.

पाच वर्षांवरच्या झाडाला वर्षाला ५० किलो शेणखत, सव्वादोन किलो युरिया, ३ किलो सिंगल सुपर फॉस्फेट आणि २ किलो म्युरेट ऑफ पोटॅश अशी शिफारस आहे. शेणखत आणि सुपर फॉस्फेट जूनमध्ये एकदम. युरिया आणि पोटॅश जून, ऑक्टोबर, फेब्रुवारी असं तीन हप्त्यांत. म्हणजे आत्ता झाडामागे पाऊण किलो युरिया आणि पाऊण किलोला थोडं कमी पोटॅश. बुंध्यापासून तीन फूट सोडून गोल चर काढा, खत मातीआड करा आणि लगेच पाणी द्या. पाण्याची खात्री नसेल तर हा हप्ता सरळ सोडून द्या. कोरड्या मातीत युरिया टाकला तर तो हवेत जातो, शिवाय मुळं भाजतात.

द्राक्ष-डाळिंबाची सवय असलेले शेतकरी इथेही सल्फेट ऑफ पोटॅश शोधतात. नारळाला त्याची गरज नाही. क्लोरीन उपयोगी पडणाऱ्या मोजक्या पिकांपैकी हे एक, त्यामुळे स्वस्तातलं म्युरेटच चांगलं. पैसे वाचवून बोरॅक्स आणा. चुनखडीच्या रानात बोरॉनची कमतरता नेहमीची आहे. नव्या झावळीची पाती एकमेकांना चिकटलेली, टोकाशी आकड्यासारखी वळलेली दिसली किंवा फळं वांझ निघाली, तर झाडाला ५० ग्रॅम बोरॅक्स मातीतून द्या आणि तीन महिन्यांनी पुन्हा तेवढंच. जास्त दिलं तर पानांची टोकं करपतात.

कीड: शहाळ्याच्या झाडाला विष देऊ नका

कोरड्या उन्हाळ्यात सगळ्यात जास्त त्रास इरिओफाईड कोळ्याचा. तो डोळ्यांना दिसत नाही, फळाच्या टोपीखाली बसून रस शोषतो. दोन-तीन महिन्यांच्या फळाची टोपी जिथे संपते तिथून खाली पांढुरका-पिवळसर त्रिकोणी डाग उतरतो. पुढे तो तपकिरी होतो, फळाची साल खरबरीत होऊन तडकते आणि फळ लहान राहतं. आतलं पाणी खराब नसतं, पण गाडीवाला डागी माल निम्म्या भावाने मागतो.

उपाय मुळातून करा. आळ्यात बाजूला उकरून पेन्सिलीएवढं जाड, जिवंत, लालसर मूळ शोधा आणि तिरका काप द्या. ५ टक्के अझाडिरॅक्टिन ७.५ मिली आणि पाणी ७.५ मिली छोट्या प्लॅस्टिक पिशवीत घ्या, कापलेलं टोक त्यात बुडवून पिशवी घट्ट बांधा आणि माती ओढा. दुसऱ्या दिवशी उघडून बघा. द्रावण तसंच असेल तर मूळ मेलेलं आहे, दुसरं निवडा. औषध देण्याआधी उतरण्याजोगी सगळी शहाळी उतरवून घ्या आणि नंतर ४५ दिवस घडाला हात लावू नका. मोनोक्रोटोफॉससारखी जहाल औषधं मुळातून देण्याची जुनी पद्धत शहाळ्याच्या झाडावर अजिबात नको. ती औषधं झाडात फिरतात, आणि हे पाणी लोक आजाऱ्याला पाजतात.

झावळ्यांच्या खालच्या बाजूला गोल-गोल पांढऱ्या वेटोळ्यांत अंडी आणि वरच्या बाजूला काजळी दिसली तर ती रुगोज पांढरी माशी. ही भारतात २०१६ मध्ये तमिळनाडूत पोल्लाचीच्या बाजूला प्रथम आढळली. तिच्यावर कीटकनाशक मारू नका, तिला खाणारी एन्कार्सिया ही बारीक गांधीलमाशी आधी मरते. पाण्याचा जोरदार फवारा आणि पिवळे चिकट सापळे पुरतात.

गेंड्या भुंग्याने कोवळा सुरळीतला पाला खाल्ला की झावळी उघडल्यावर कात्रीने त्रिकोण कापल्यासारखी दिसते. सुरळीजवळच्या भोकात तारेचा आकडा घालून भुंगा ओढून काढा. वरच्या तीन झावळ्यांच्या बेचक्यांत पाव किलो निंबोळी पेंड तेवढ्याच वाळूत मिसळून भरा. हा भुंगा वाढतो तुमच्याच उकिरड्यात, तेव्हा शेणखताचा ढीग हलवून आतल्या जाड पांढऱ्या अळ्या वेचा. हिरवी झावळी बुंध्याला लागून कधीही तोडू नका, सुमारे चार फूट देठ ठेवा. ओल्या जखमेच्या वासाने सोंड्या भुंगा येतो, आणि तो खोडात शिरलेलं झाड बहुधा हातचं जातं.

उतरवणी

चांगल्या झाडावर महिन्याला साधारण एक पोय उमलते. वरून नुकती उमललेली पोय पहिली धरून खाली मोजत या. सातवा घड शहाळ्याचा. सहा ते सात महिन्यांत पाणी सर्वात जास्त आणि सर्वात गोड असतं, मलई चमच्याने निघेल इतकी पातळ. त्यानंतर खोबरं धरू लागतं, पाणी आणि गोडी कमी होतात. फळ कानाशी हलवून पाहा. गच्च भरलेलं शहाळं वाजत नाही. आत पाणी डुचमळलं की ते उशिरा उतरवलेलं.

घड दोराने खाली सोडा. वरून टाकलेल्या फळाची करवंटी आत बारीक तडकते, बाहेरून काही दिसत नाही आणि दोन दिवसांत पाणी आंबतं. टोपी आणि देठ फळाला राहू द्या, ती निघाली की तिथून बुरशी शिरते. सकाळी दहाच्या आत उतरवणी संपवून माल सावलीत, ओल्या गोणपाटाखाली ठेवा. ४२ अंशांच्या उन्हात उघड्या ट्रॉलीतला माल दुसऱ्या दिवशीच रंग सोडतो. हॉटेल किंवा मॉलला थोडी सोललेली शहाळी द्यायची असतील तर अर्धा टक्का सायट्रिक ॲसिड आणि अर्धा टक्का पोटॅशियम मेटाबायसल्फाइटच्या द्रावणात, म्हणजे १० लिटर पाण्यात प्रत्येकी ५० ग्रॅम, तीन मिनिटं बुडवा. मग ५ ते ७ अंशांत ती तीन आठवडे टिकतात. शीतगृह नसेल तर या खटाटोपाला अर्थ नाही.

बाटलीबंद नारळपाण्याच्या मागे लागावं का?

हा प्रश्न हल्ली प्रत्येक मेळाव्यात येतो. २००४ मध्ये न्यूयॉर्कमध्ये सुरू झालेली व्हिटा कोको ही नारळपाण्याची कंपनी २०२१ मध्ये शेअर बाजारात आली. कोका-कोलाने २०१३ मध्ये झिको ही तशीच दुसरी कंपनी पूर्ण ताब्यात घेतली आणि २०२० मध्ये तो धंदा बंद केला. एवढ्या मोठ्या कंपनीलाही हे सोपं गेलं नाही. फिलिपिन्स, इंडोनेशियात खोबऱ्याचा कीस आणि नारळदूध करणारे कारखाने आहेत, तिथे फोडलेल्या नारळाचं पाणी पूर्वी गटारात जायचं. पॅकबंद मालातला मोठा भाग असा जोडउत्पादन म्हणून येतो, त्याच्या दराशी आपल्या विहिरीच्या पाण्यावरचं शहाळं कसं टिकणार? शिवाय फळाबाहेर आलेलं पाणी हवा लागताच बिघडू लागतं. त्यातली एन्झाइम्स त्याला गुलाबी करतात, तापवून ती मारावीत तर ताजी चव जाते, न तापवता उच्च दाबाने टिकवायचं तर यंत्र आणि अखंड शीतसाखळी लागते. घरी बाटलीत भरून रसवंतीवर ठेवणं तर धोक्याचंच, अन्न परवान्याचा प्रश्न वेगळा.

आपली जमेची बाजू अंतर ही आहे. मंड्या-मद्दूरहून ट्रकने येणाऱ्या मालाला भाडं, हमाली आणि दोन-तीन दिवस लागतात. सकाळी मोहोळला उतरवलेलं शहाळं दुपारी सोलापुरात विकता येतं. चैत्रात पंढरपूरची वारी, अक्कलकोटचे उत्सव आणि तुळजापूरची पौर्णिमा ऐन उन्हात येतात. त्या आठवड्यांसाठी दोन-दोन घड राखून ठेवा. सौदा नगावर करा आणि उतरवणी कोणाची, डागी माल कोणाच्या माथी, हे आधी बोलून घ्या.

गिऱ्हाइकाला आरोग्याचं सांगताना खरं तेवढंच सांगा. १०० मिलीमध्ये वीसच्या आसपास कॅलरी, साधारण ४-५ ग्रॅम साखर आणि भरपूर पोटॅशियम, एवढ्यावर शहाळं विकलं जातं. सोडियम मात्र त्यात कमी असतं. जुलाब-उलट्यांत ते जलसंजीवनीच्या जागी चालत नाही आणि मूत्रपिंडाच्या रुग्णाने डॉक्टरांना विचारल्याशिवाय पिऊ नये. ‘शुगर बरी होते’ असले फलक गाडीवर लावू नका.

जूनमध्ये लावायचं असेल तर

रोपांची नोंदणी आत्ताच करा. रत्नागिरीजवळच्या भाट्ये येथील नारळ संशोधन केंद्र किंवा पालघरचं नारळ विकास मंडळाचं प्रक्षेत्र, हे खात्रीचे पत्ते. ठेंगण्या जाती तीन-चार वर्षांत धरतात, शहाळ्याला उत्तम, पण पाण्याचा ताण त्यांना सोसत नाही. बांधावर उंच जात किंवा संकरित घ्या. ताणाला चंद्रकल्प बरी. बाजारात ‘नारंगी ठेंगणी’ म्हणून रोप देत असतील तर देठाचा रंग पाहा. चौघाट ऑरेंजचा देठ रोपातच नारंगी असतो. हिरवा असेल तर ते रोप शुद्ध ठेंगण्याचं नाही. नऊ ते बारा महिन्यांचं, पाच-सहा पानांचं, बुंध्याशी १० सेंटिमीटर घेराचं रोप निवडा. एक मीटर लांब-रुंद-खोल खड्डा मेमध्ये उन्हात तापू द्या, तळाला मुरूम टाका. मग माती, शेणखत आणि वाळवीसाठी निंबोळी पेंड मिसळून भरा. काळ्या रानात भर आजूबाजूच्या जमिनीपेक्षा अर्धा फूट उंच ठेवा, नाहीतर पहिल्याच मोठ्या पावसात खड्ड्याचं डबकं होऊन कोंब कुजतो. पहिले दोन उन्हाळे रोपाच्या पश्चिमेला झावळ्यांची किंवा शेडनेटची आडोशी उभी करा.