जुन्या सँट्रोला व्हील बदलताना आलेला अनुभव

आमची सँट्रो झिंग बाबांनी घेतलेली, विकायचं मनात येतच नाही, पण खड्ड्यांनी स्टीलच्या दोन रिम वाकल्या म्हणून नाना पेठेतून १४ इंची सेकंडहँड अलॉय आणले, चार होलचे, १०० चा पीसीडी (नटांची भोकं ज्या वर्तुळावर असतात त्याचा व्यास, मिमीमध्ये), बसले पण व्यवस्थित. पण कात्रज बायपासला ८० च्या पुढे गेलं की स्टीअरिंग थरथरायचं. दोनदा बॅलन्सिंग केलं, अलाइनमेंट केलं, काही फरक नाही.

शेवटी घरीच जॅक लावून चाक काढलं आणि बघितलं तर अलॉयचं मधलं भोक हबपेक्षा (गाडीच्या ज्या मधल्या गोल भागावर चाक बसतं तो) चांगलंच मोठं! सँट्रोचा हब ५४.१ मिमी आणि अलॉय ६७.१ चं, म्हणजे चारी बाजूंनी साडेसहा मिमी गॅप, चाक नुसतं नटांवर तोललेलं. मग त्याच मापाच्या हब रिंग, म्हणजे ही गॅप भरणाऱ्या कड्या, आणून बसवल्या, नट थोडे थोडे करत समोरासमोर आवळले आणि थरथर गेलीच एकदम. इतकं बरं वाटलं!

टायरचं पण सांगतो, दुकानदार १७५/६५ आर १४ (रुंदी मिमीत, टायरच्या बाजूची उंची रुंदीच्या किती टक्के, आणि रिमचे इंच) घ्या म्हणत होता, पण मूळ १५५/७० आर १३ ची उंची ५४७ मिमी आणि त्याची ५८३ होते, म्हणजे स्पीडोमीटर कमी दाखवणार, वर पूर्ण स्टीअरिंग वळवल्यावर टायर घासायची भीती. १६५/६० आर १४ ची ५५४ येते, मी तेच घेतले. ऑफसेट (चाक हबला टेकतं ती बाजू रिमच्या मध्यापासून किती सरकलेली आहे ते माप) मात्र कंपनीच्या रिमवर कोरलेला असेल तर तो बघूनच घ्या, फार कमी असला की चाक बाहेर येतं आणि बेअरिंगवर लोड पडतो.