पराएटल की व्हिसरल? हृदय हातात घेऊन ओळखा
कोल्हापुरात मटणाच्या दुकानांना तोटा नाही. बकऱ्याचं हृदय पिशवी न काढता मागून घ्या. ही पिशवी म्हणजे पेरिकार्डियम, हृदयावरण. कात्रीने अलगद कापा. पिशवीचं आतलं चकचकीत अस्तर ते पराएटल. लॅटिन ‘पॅरिएस’ म्हणजे भिंत. हृदयालाच चिकटलेलं, नखाने सहज न सुटणारं पटल व्हिसरल. त्यालाच एपिकार्डियमही म्हणतात, दोन वेगळी पटलं मोजू नका. मोठ्या रक्तवाहिन्यांपाशी दोन्ही थर एकमेकांत वळतात, तिथे बोट फिरवून बघा.

मधल्या फटीत माणसात साधारण १५ ते ५० मिली द्रव असतो. परीक्षेत हमखास चुकतं ते इथेच: हृदय या फटीत नसतं. अर्धवट फुगवलेल्या फुग्यात मूठ रुतवा. फुगा मुठीभोवती येतो, पण मूठ बाहेरच राहते.