गटाची भाषा कशी समजून घ्यावी

नाटकाची तालीम करणारी मंडळी, एका पाळीत काम करणाऱ्या परिचारिका, गिर्यारोहकांचा संघ, एकाच इमारतीत राहणारी कुटुंबे, यांपैकी कोणाचेही बोलणे बाहेरच्या माणसाने ऐकले, तर त्याला आधी जाणवतात ते अनोळखी शब्द. त्यामुळे गटाच्या भाषेचा अभ्यास करू पाहणारे बहुतेक जण शब्दांची यादी करायला बसतात आणि यादी झाली की काम झाले असे समजतात. यादी उपयोगी असते. पण ती थोड्या दिवसांत पाठ होते आणि तरीही नवखा माणूस नवखाच राहतो. कोणी, कोणाला, कोणासमोर, कोणत्या वेळी काय म्हणायचे आणि काय बोलायचे टाळायचे, याचे अलिखित नियम त्याला अजून उमगलेले नसतात. व्याकरणशुद्ध वाक्य रचता येणे ही एक गोष्ट आणि ते कोठे शोभेल हे कळणे ही दुसरी. या दुसऱ्या जाणिवेला अमेरिकी अभ्यासक डेल हाइम्स यांनी संप्रेषणक्षमता म्हटले. ती जाणीव निरीक्षणाने कशी मिळवावी, हे येथे सांगायचे आहे. गटात नव्याने दाखल झालेल्यांना, प्रकल्प करणाऱ्या विद्यार्थ्यांना आणि वर्षानुवर्षे गटात राहूनही आपल्या बोलण्याकडे कधी लक्ष न दिलेल्यांनाही हे करता येईल.

गट कोणता, हे गटालाच ठरवू द्यावे

वय, शिक्षण, उत्पन्न, व्यवसाय असे रकाने आखून माणसांची वाटणी करणे सोपे असते, पण माणसे स्वतःची वाटणी तशी करतातच असे नाही. पेनेलोपी एकर्ट यांनी 1980च्या दशकाच्या प्रारंभी अमेरिकेतील डेट्रॉइट शहराच्या उपनगरातील एका माध्यमिक शाळेत दीर्घकाळ निरीक्षण केले. तेथील मुले स्वतःला आणि इतरांना दोन नावांनी ओळखत: शाळेच्या उपक्रमांत रमणारे ते 'जॉक्स' आणि शाळेपासून अंतर राखून शहराकडे ओढा असणारे ते 'बर्नआउट्स'. मुलांच्या उच्चारांतील फरक त्यांच्या आईवडिलांच्या आर्थिक स्तरापेक्षा मुलांनी स्वतः निवडलेल्या या गटांशी अधिक जुळणारा निघाला. म्हणून पहिले काही दिवस केवळ एवढेच ऐकावे की माणसे एकमेकांना कोणत्या नावांनी वेगळे काढतात. 'जुने', 'नवे', 'वरचे', 'रात्रपाळीवाले', 'आपले' अशी नावे कानांवर पडतील. ती कोण वापरतो आणि ज्याच्यासाठी वापरली जातात त्याला ती मान्य आहेत का, याची नोंद करावी. गटाचा खरा नकाशा या नावांतूनच मिळतो.

विचारण्याआधी ऐकावे

'तुम्ही हे कसे म्हणता?' असा थेट प्रश्न विचारण्याचा मोह आवरावा. माणूस लबाडी करतो म्हणून नव्हे, तर स्वतःच्या बोलण्याविषयीचे त्याचे मत आणि त्याचे प्रत्यक्ष बोलणे यांत नेहमीच अंतर असते म्हणून. यान-पेटर ब्लोम आणि जॉन गम्पर्झ यांनी नॉर्वेतील हेम्नेसबर्गेट या छोट्या गावाचा जो अभ्यास 1972 मध्ये प्रसिद्ध केला, त्यात याचा ठसठशीत पुरावा आहे. शिक्षणासाठी बाहेर राहून सुटीत गावी आलेले विद्यार्थी आपण घरी निखळ बोलीच बोलतो असे मानत. ध्वनिमुद्रण ऐकले, तेव्हा विषय बदलला की त्यांच्या बोलण्यात प्रमाणभाषेची रूपे येत असल्याचे आढळले. त्याच गावातील सरकारी कचेरीत रहिवासी आणि लिपिक एकमेकांची ख्यालीखुशाली बोलीत विचारत आणि कामाला हात घातला की प्रमाणभाषेकडे वळत. माणसे तीच, जागा तीच, मेजही तेच. बदलले होते ते दोघांमधील नाते, काही क्षणांपुरते.

दुसरी अडचण निरीक्षकाची स्वतःची. कोणी आपले बोलणे टिपत आहे हे कळले की माणूस सावध होतो, आणि आपल्याला तर त्याचे असावध बोलणे हवे असते. या कोंडीवर विल्यम लबॉव यांनी 1962 मध्ये न्यूयॉर्कमध्ये फार साधा उपाय काढला. उच्चभ्रू, मध्यम आणि स्वस्त अशा तीन मोठ्या दुकानांत ते गिऱ्हाईक म्हणून शिरले आणि चौथ्या मजल्यावर असलेल्या एखाद्या विभागाची जागा विक्रेत्यांना विचारू लागले. उत्तर अर्थातच 'फोर्थ फ्लोअर' असे येई. मग ऐकू न आल्यासारखे करून ते पुन्हा विचारत, तेव्हा विक्रेता तेच शब्द अधिक जपून उच्चारी. या दोन शब्दांतील 'र' स्पष्ट उमटतो की गळतो, हे ते थोडे दूर जाऊन टिपून ठेवत. अशा 264 जणांच्या उत्तरांत 'र'चा उच्चार उच्चभ्रू दुकानात सर्वाधिक आणि स्वस्त दुकानात सर्वांत कमी आढळला, म्हणजे विक्रेत्यांच्या बोलण्यावर त्यांच्या दुकानाच्या दर्जाची छाया पडलेली होती. या पद्धतीतून घेण्याजोगे ते असे: सगळी भाषा टिपण्याच्या नादी न लागता एकच लहानसे लक्षण निवडावे, ते ज्या प्रसंगी हमखास येईल असा नेहमीचा प्रसंग शोधावा, आणि तेच लक्षण सहज बोलताना व जपून बोलताना कसे बदलते ते पाहावे.

नोंद कशी ठेवावी

'येथे अनौपचारिक बोलतात' ही नोंद नव्हे, तो निष्कर्ष आहे आणि तोही घाईचा. नोंदीत शब्द जसेच्या तसे असावेत, आणि त्यांच्याबरोबर बोलणारा, ऐकणारा, उपस्थित असलेले पण ज्यांना उद्देशून बोलणे नाही असे लोक, आणि वेळ हे चारही तपशील असावेत. नमुन्यादाखल अशी नोंद पाहा: 'बैठकीपूर्वी दाराशी: अरे, तो हिशेब झाला का? बैठकीत, पाच मिनिटांनी, त्याच व्यक्तीला: हिशेबाविषयी आपण माहिती द्यावी. समोर नवे तीन सदस्य.' या तीन ओळींत मोठा ऐवज आहे. दोघांची मैत्री आहे, ती बैठकीत बाजूला ठेवण्याची रीत आहे, आणि कदाचित नव्या सदस्यांच्या उपस्थितीमुळे ती रीत अधिक काटेकोर झाली आहे. शेवटचा मुद्दा मात्र अजून अंदाजच आहे. नवे सदस्य नसतील अशा बैठकीची नोंद मिळेपर्यंत त्याला अंदाजच म्हणावे. उपस्थित श्रोत्यांची नोंद बहुतेक जण विसरतात आणि मग बोलण्यातील बदलाचे कारण सापडत नाही. बोलणारा नेहमी समोरच्यासाठीच शब्द निवडतो असे नाही. पुष्कळदा तो आडून ऐकणाऱ्यासाठीही निवडतो.

मराठीतून चालणाऱ्या गटांत निरीक्षणासाठी सर्वांत सोयीचे लक्षण म्हणजे सर्वनाम. 'आम्ही' म्हटले की ऐकणारा बाहेर राहतो, 'आपण' म्हटले की तो आत येतो, आणि ही सोय सगळ्या भाषांत नाही. गटात नवा आलेला माणूस सुरुवातीला 'तुमच्याकडे हे कसे करतात?' असे विचारतो. काही काळाने तो 'आपल्याकडे हे कसे करतात?' असे म्हणू लागतो. पहिल्यांदा तसे म्हणताना त्याचा आवाज किंचित चाचरतो का, जुने सदस्य 'आपल्याकडे ना, असं करतात' असे उत्तर देतात की 'आमच्याकडे' असा शब्द बदलून देतात, हे बारकाईने ऐकावे. सदस्यत्वाचा अर्ज कधीच मंजूर झालेला असला, तरी गटाने त्याला स्वीकारले की नाही याचा निकाल अशा एका शब्दात लागतो. 'तू' आणि 'तुम्ही' यांचेही असेच पाहावे: 'तू' दोन्ही बाजूंनी चालतो की एकाच बाजूने, आणि 'तुम्ही'वरून 'तू'वर येण्याचा पुढाकार कोणी घ्यायचा असतो. एकतर्फी 'तू' अधिकार दाखवतो, दुतर्फी 'तू' जवळीक. त्यामुळे एकटे सर्वनाम ऐकून काहीच ठरवू नये, त्याचा प्रतिसादही ऐकावा.

नियम मोडल्यावर काय होते

अलिखित नियम सुरळीत चालू असतात तोवर दिसत नाहीत. कोणी ते मोडले की क्षणभर शांतता पसरते, कोणी घाईने विषय बदलतो, कोणी तोच शब्द दुरुस्त करून पुन्हा उच्चारतो, तर कोणी थट्टा करतो. हे सर्व प्रसंग सोन्यासारखे जपावेत. थट्टा विशेषतः नीट ऐकावी, कारण गटात शिक्षा करण्याचे ते सर्वांत सौम्य आणि सर्वांत नित्याचे साधन असते. पुढची पायरी अशी, की तोच नियम दुसऱ्या कोणी मोडला तर चालतो का, हे पाहावे. ज्येष्ठ सदस्याने बैठकीत टोपणनावाने हाक मारली तर सगळे हसतात आणि नवख्याने तीच हाक मारली तर सगळे गप्प होतात, असे आढळले तर नियम टोपणनावाविषयी नाहीच; ती मोकळीक कोणी घ्यावी, याविषयी आहे. मात्र प्रयोग म्हणून मुद्दाम नियम मोडू नये. ज्यांच्यात आपण वावरतो त्यांना त्याची झळ बसते.

नात्यांचे जाळे आखावे

एकाच गटातील दोन माणसे वेगळी का बोलतात, हा प्रश्न केव्हातरी येतोच. लेस्ली मिलरॉय यांनी बेलफास्टमधील तीन कामगार वस्त्यांत हा प्रश्न घेतला. त्या वस्त्यांत शिरताना त्यांनी अधिकृत शिफारसपत्र आणले नाही. मित्राच्या मित्राच्या ओळखीने त्या घराघरांत गेल्या. प्रत्येकाचे शेजाऱ्यांशी नाते किती दाट आहे हे मोजण्यासाठी त्यांनी नेमके निकष लावले: जवळपास सोयरीक आहे का, वस्तीतील निदान दोघांबरोबर एकाच ठिकाणी काम करतो का, कामावरच्या सोबत्यांबरोबर फावला वेळही घालवतो का. ज्यांचे धागे असे अनेक पदरी होते, त्यांच्या बोलण्यात सर्वसाधारणपणे वस्तीची बोली अधिक टिकून होती. आपल्या गटासाठीही असे तीन-चार प्रश्न ठरवावेत आणि कागदावर प्रत्येकाच्या नावाऐवजी अक्षर लिहून रेघा जोडाव्यात. ज्याच्याकडे सर्वांत जास्त रेघा जातात त्याचे बोलणे आणि कडेला असलेल्याचे बोलणे शेजारी ठेवून पाहिले की, नवा शब्द गटात कोठून शिरतो आणि जुना कोण राखतो, याचा अंदाज येऊ लागतो.

दोन भाषिक गट एकत्र नांदत असतील तर एक गृहीत सोडून द्यावे लागते, ते म्हणजे सहवासाने भाषा एक होतात किंवा एक भाषा दुसरीला गिळते. सांगली जिल्ह्यातील कुपवाडमध्ये गम्पर्झ आणि रॉबर्ट विल्सन यांनी केलेला, 1971 मध्ये प्रसिद्ध झालेला अभ्यास जगभर उद्धृत होतो तो यामुळेच. मराठी, कन्नड, उर्दू आणि तेलुगू तेथे पिढ्यान्‌पिढ्या शेजारी नांदत होत्या. दैनंदिन व्यवहारामुळे त्यांची वाक्यरचना इतकी जवळ आली होती की एका भाषेतील वाक्य शब्दाला शब्द ठेवून दुसरीत नेता यावे, परंतु शब्दसंग्रह वेगळा राहिला, कारण घरात आपली भाषा बोलणे ही आपल्या समाजाची ओळख होती. तेव्हा नोंदी करताना काय मिसळले याबरोबरच काय कटाक्षाने वेगळे राखले गेले, याचाही रकाना ठेवावा.

संमती आणि पडताळणी

चोरून ध्वनिमुद्रण करू नये, ते कितीही उपयोगी वाटले तरी. अभ्यास करीत असल्याचे सांगून टाकावे. सुरुवातीचे काही दिवस लोक जपून बोलतील, पुढे कामाच्या गडबडीत विसरतील. नोंदवहीत खरी नावे लिहू नयेत. कोणाच्याही बोलण्यावर 'शुद्ध' किंवा 'अशुद्ध' असा शेरा मारू नये. तसा शेरा गटातील कोणी मारला तर तो मात्र अवश्य टिपावा, कारण तो त्या गटातील प्रतिष्ठेची माहिती देतो.

नियम हाती लागले असे वाटू लागले की ते गटातील निदान तिघांना वाचून दाखवावेत: एक जुना सदस्य, एक नवा आणि एक कडेला राहणारा. 'असं काही नाही' हे उत्तर सर्वांत आधी येईल. त्यावर वाद न घालता त्यांच्याकडूनच एखादे उदाहरण मागावे. तिघांची मते जुळली नाहीत तर सरासरी काढू नये. कोणता नियम कोणाला दिसतो आणि कोणाला दिसत नाही, हे त्या त्या व्यक्तीच्या अक्षरासह नियमाखालीच लिहून ठेवावे.