कडी लावून, निवांत दाढी

घरात पुरुषाला हक्काचा एकांत मिळतो तो दाढी करताना, आणि बहुतेकजण तोही चार मिनिटांत उरकून टाकतात. सुट्टीच्या दिवशी वीस मिनिटं काढा. आतून कडी लावा, फोन बाहेर ठेवा. पुढचं सगळं दोन्ही बाजूंनी धार असलेल्या ब्लेडच्या साध्या रेझरसाठी आहे.

दाढी अंघोळीनंतर केलेली बरी. तसं जमत नसेल तर कोमट पाण्यात पिळलेला टॉवेल दोन-तीन मिनिटं चेहऱ्यावर धरा. पाणी मुरलं की केस मऊ पडतात. कोरडे खुंट ब्लेडला अडतात आणि मग आग होते. भिजवलेला ब्रश झटकून साबणावर अर्धा मिनिट फिरवा आणि गालावरच घोळवून फेस करा. मोठे बुडबुडे आले तर पाणी जास्त झालं, कडेने फेस सुकायला लागला तर कमी पडलं.

केस कुठल्या दिशेने वाढतात ते आरशात नीट कळत नाही, बोटांनी चाचपून बघा. गालावर ते बहुधा खालच्या दिशेने असतात. गळ्यावर मात्र कुठे वर, कुठे आडवे.

आता नळ बंद करा, कारण इथे कान लागतो. ब्लेड गालाशी साधारण 30 अंशांत असलं की बारीक करकर ऐकू येते. आवाज गेला की कोन सुटला. दाब अजिबात नको, रेझरचं वजन पुरतं. कार्ट्रिजची, म्हणजे दोन-तीन पाती एकत्र बसवलेल्या रेझरची सवय असलेले नेमके इथेच कापून घेतात. दोन-तीन सेंटिमीटरचेच हात मारा आणि मधूनमधून ब्लेड खळबळून घ्या. हनुवटी आणि मिशीची जागा शेवटी घ्या. तिथले केस राठ, त्यांना फेसाखाली जास्त वेळ मिळू द्या.

पहिला हात सुलटा, म्हणजे केस वाढतात त्या दिशेने. पुन्हा फेस लावून दुसरा आडवा. उलटा हात मारलाच पाहिजे असं काही नाही, आणि केस कुरळे असतील तर नकोच: फार खोलवर कापलेला केस कातडीतच वळतो आणि पुळी येते.

गार पाण्याने तोंड धुऊन ओली तुरटी फिरवा. जिथे झोंबेल तिथे दाब पडला होता, पुढच्या वेळी तिथे हात हलका ठेवा. ब्लेड चार-पाच दाढ्या चालतं; त्याआधीच ओढायला लागलं तर लगेच बदला. ते पुसू नका, धार बिघडते आणि बोटही कापतं. नुसतं झटकून वाळू द्या. जुनी ब्लेडं कचऱ्यात सुटी टाकू नका, झाकणाला फट पाडलेल्या पत्र्याच्या डबीत साठवा.