सपनाची बैठक कशी बसवायची

बायका एकमेकींना सपन सांगतच असतात. माझ्या चक्कीवर दळणाचा डबा टेकवला की सुरू: "काल रात्री काय सपन पडलं बाप्पा!" पण चक्कीच्या आवाजात धड ऐकू येत नाही, आणि ऐकलं तरी समोरची लगेच अर्थ सांगून मोकळी होते. लग्न दिसलं म्हणजे मरण, दात पडला म्हणजे घरातलं कोणी जाणार. सांगणारी बिचारी घाबरून घरी जाते. म्हणून आम्ही वेगळी बैठक बसवली. तुमच्या गावात बसवायची असेल तर माझं ऐका.

सहा ते आठ जणी पुरे. सासू-सून एकाच बैठकीत घेऊ नका. जावा चालतात, पण शेताच्या वाटण्या झालेल्या असाव्यात. दिवस बाजाराचा धरा, आमच्याकडे त्या दिवशी निंदणाला कोणी जात नाही. वेळ सामुदायिक प्रार्थना आटोपल्यावरची. बैठकीला नाव देऊ नका. नाव आलं की बोर्ड येतो, बोर्ड आला की अध्यक्ष लागतो, आणि सपनं राहतात बाजूला.

आता सपन धरायचं कसं ते. जाग आली की कूस बदलू नका, डोळे उघडू नका, मोबाईल तर मुळीच पाहू नका. शेवटचा तुकडा आधी आठवा, मग मागंमागं जा. लिहिता येत असेल तर उशाशी वही ठेवा. नसेल येत तर मोबाईलमध्ये बोलून ठेवा, आमच्यातल्या दोघी तसंच करतात. झोप साधारण दीड दीड तासाच्या फेऱ्यांनी चालते, आणि बंद पापण्यांखाली डोळे भरभर हलतात तेव्हा सपनं जास्त पडतात. हे 1953 साली शिकागोच्या संशोधकांनी छापलं. शेवटच्या फेऱ्यांत ही वेळ लांबत जाते, म्हणून पहाटेची सपनं जास्त लक्षात राहतात. ती खरी होतात असं नाही. रात्रीच्या लाइनवर हरभऱ्याला पाणी द्यायला उठणारे, रानडुकरांसाठी जागलीला जाणारे, यांची झोप सारखी मोडते, त्यामुळे त्यांनाही बरंच आठवतं. "मले सपनच पडत नाही" म्हणणारीलाही घ्या. पडतात सगळ्यांनाच, आठवत नाहीत एवढंच.

बैठकीची रीत मला नागपूरला शिकणाऱ्या भाचीनं सांगितली. माँटेग्यू उलमन नावाच्या अमेरिकन मनोविकार डॉक्टरनं ती बसवली. एकीनं सपन सांगायचं, जसं आठवेल तसं, मीठमसाला न लावता. बाकीच्यांनी फक्त समजून घेण्यापुरतं विचारायचं: घर कोणतं होतं, कोण ओळखीचं होतं. मग सांगणारीनं गप्प बसायचं, आणि प्रत्येकीनं ते सपन आपलं मानून बोलायचं. सुरुवात अशीच करायची: "हे सपन माहं असतं तं..." तिच्याकडे पाहायचं नाही, आपसात बोलायचं. शेवटी सपन तिला परत. तिनं बोलावं, नाही तर बोलू नये. तिला नको असेल तिथं बैठक थांबली पाहिजे.

आमच्या एका आजीचं सपन सांगते, तिला विचारूनच. ती वेचणीला गेली, पात धरली, ओटीत कापूस टाकत गेली, पण ओटी भरेचना. वळून पाहते तर सगळा कापूस मागं सांडलेला आणि तिची मेलेली माय तो उचलत येते आहे. एक म्हणाली, "माहं असतं तं मले राग आला असता, काट्यावर वजन कमी भरलं असतं." किलोवर मजुरी मिळते, तिला तेच सुचणार. दुसरी म्हणाली, "मले बरं वाटलं असतं, मांगं कोणीतरी येऊन राहिलं." आजीनं सगळं ऐकलं आणि म्हणाली, "माय उचलत होती, पण माह्या ओटीत नाही, आपल्या ओटीत टाकत होती." हे कोणाच्याच डोक्यात आलं नव्हतं. आम्ही आधीच अर्थ सांगून टाकला असता तर ती हे बोललीच नसती. पुढं मायलेकींचं, अर्ध्यात सुटलेल्या शाळेचं, बरंच निघालं. ते मी इथं लिहिणार नाही. बैठकीतलं बैठकीतच ठेवायचं, घरच्या धन्यालाही सांगायचं नाही.

तीन गोष्टींना दारातच अडवा. पहिली आकडा: साप दिसला की सट्ट्याचा नंबर काढणारे प्रत्येक गावात आहेत. दुसरी गुप्तधन: सपनात आजोबानं हंडा दाखवला की मांत्रिक फावडं घेऊन हजर. तिसरी करणी, म्हणजे "सपनात अमकी दिसली, तिनंच केलं." एखाद्या बाईचं गावात जगणं मुश्कील करायला एवढं पुरतं. गुप्तधनाच्या आणि करणीच्या नावावर चालणाऱ्या अघोरी प्रकारांवर 2013 चा जादूटोणाविरोधी कायदा आहे. यात मी कोणाचं ऐकत नाही, बोललेल्या बाईला त्या दिवशी उठवून देते.

दोघींना एकच सपन पडलं, असंही कधी निघतं. उलमननं न्यूयॉर्कमध्ये एकाचा विचार दुसऱ्याच्या सपनात जातो का हेही तपासून पाहिलं होतं, पण इतरांना तसे निकाल मिळाले नाहीत. मला त्यात चमत्कार वाटत नाही. मृगाआधी आभाळाकडे सगळंच गाव पाहतं, मग दर दुसऱ्या सपनात पाणी येणारच. कोणाचं बियाणं अजून आलेलं नाही, कोणाची पेरणी उलटण्याची भीती आहे, हे त्या आठवड्यात सपनांतूनच कळतं, नाही तर कोणी बोलत नाही.

एखादीला तेच वाईट सपन रोज पडत असेल, झोपेची भीती वाटत असेल, किंवा घरात कोणी जीव दिला असेल, तर बैठकीवर भागवू नका. टेलिमानस म्हणजे मनाच्या त्रासासाठीची सरकारी फोन-मदत, तिचा 14416 हा नंबर फुकट आहे, मराठीतही बोलतात. पहिला फोन तिच्याजवळ बसून लावून द्या.

वेचणी जोरात आली की बैठक आपोआप मोडते. ओढून आणू नका, दिवसभर वाकलेली बाई बसल्या जागी झोपते. संक्रांतीच्या हळदीकुंकवाला सगळ्या एकत्र येतातच, तेव्हा पुढचा दिवस ठरवा. चहाची साखर आळीपाळीनं.