क्रम्बल करताय? आधी भांडं ओव्हनमध्ये घालून बघा

सगळ्यात आधी भांडं. सफरचंदं नंतर, लोणी नंतर, पाहुण्यांना फोन तर त्याच्याही नंतर. ज्या भांड्यात क्रम्बल, म्हणजे खाली फळं आणि वर पीठ-लोणी-साखरेचा भुगा घालून भाजलेला गोड पदार्थ, करायचा बेत आहे ते कपाटातून काढा, ओटीजीचं, म्हणजे ओट्यावरच्या छोट्या विजेच्या ओव्हनचं, दार उघडा, भांडं आत ठेवा आणि दार लावा. पूर्ण लागलं पाहिजे. ‘जवळजवळ लागतं’ याचा अर्थ लागत नाही. ओव्हन गार, भांडं रिकामं आणि घरात पाहुणे नाहीत अशा वेळी हे करायचं.

मी केलं नव्हतं. गेल्या डिसेंबरात बहिणीच्या सासरची मंडळी रविवारी जेवायला होती, घरची धरून अकरा पानं. नेहमीचं भांडं पुरणार नाही म्हणून तीन लिटरचं, लांबट, दोन्हीकडे कान असलेलं काचेचं भांडं मुद्दाम आणलं. दुकानात ते टिचकी मारून बघितलं, किंमत बघितली, लेबल सहज निघेल का तेही बघितलं. घरी दीड किलो सफरचंदं चिरून त्यात घातली, वर भुगा पसरला, काट्याने त्यावर रेघाही ओढल्या. ओव्हन पंधरा मिनिटं तापून तयार. आणि भांडं आत जाईना. आडवं जाईना, तिरकं जाईना, उभं घातलं तर दार चार बोटं उघडं. आतली रुंदी 32 सेंटिमीटर, भांडं कानांसकट 37. बाहेर मंडळी वरणभातापर्यंत आलेली. आई दारात उभी राहून म्हणाली, “अरे, कुकरमध्ये डबा बसतो की नाही ते आपण तांदूळ धुवायच्या आधी बघतो.” शेवटी सगळा ऐवज उलथन्याने कुकरच्या दोन डब्यांत आणि केकच्या टिनमध्ये भरला. भुगा खाली गेला, फळं वर आली, भाजून निघालं ते एक ओलसर प्रकरण. पंगतीतल्या एका काकांनी “सांजा छान झालाय” म्हणून आणखी मागून घेतला. ते मनापासून म्हणत होते, हेच जास्त लागलं.

तर ओव्हनवर लिहिलेल्या लिटरवर जाऊ नका. माझा 28 लिटरचा आहे, पण त्या लिटरांत वरखालच्या रॉडजवळची निरुपयोगी जागाही मोजलेली असते. टेप घ्या आणि आतली रुंदी-खोली मोजा. भांडं कानांसकट मोजा. कान म्हणजे शोभा नव्हे, तेही आत जायचे असतात. जाळी मधल्या खाचेत ठेवून भांडं त्यावर ठेवा, कारण भाजताना ते तिथेच असणार. चारी बाजूंनी निदान दोन बोटं जागा हवी, नाहीतर गरम हवा फिरत नाही आणि कडा करपतात, मधलं कच्चं राहतं. वरचा रॉड आणि भुगा यांत चार बोटं तरी. आणि हातमोजे घालून एकदा ते रिकामं भांडं आत-बाहेर करून बघा. भांडं बसतं पण मोजे घातलेला हात त्याच्या बाजूने जात नाही, असंही होतं. ते कळायची वेळ 180 अंशांची नसावी.

मायक्रोवेव्हच्या कन्व्हेक्शनवर करणार असाल तर आणखी एक भानगड आहे. तिथे काचेची थाळी फिरते. चौकोनी भांडं आत मावतं, दार लागतं, तुम्ही खूश होता, आणि सुरू केल्यावर कोपरा भिंतीला अडून थाळी खडखडत थांबते. बाजू मोजून उपयोग नाही, कर्ण मोजा. किंवा सरळ गोल भांडं घ्या.

सहा माणसांना 20 सेंटिमीटर चौकोनी, पाचेक सेंटिमीटर खोल भांडं पुरतं. अकरा माणसं असतील तर अशी दोन, एकामागून एक भाजायची. मोठं एक घेऊ नका. मोठं एक घेतल्याने काय झालं ते वर सांगितलंय. काच किंवा चिनी मातीचं उत्तम. नुसतं ॲल्युमिनियम नको, आंबट फळांना धातूची चव येते. आणि फ्रीजमधलं काचेचं भांडं थेट तापलेल्या ओव्हनमध्ये कधीही घालू नका, तडकतं.

ओव्हन पॉवर पॉइंटलाच लावा, एक्स्टेंशन बोर्डवर नाही. यावर चर्चा नको.

आता फळं. हा पदार्थ मूळचा ब्रिटनचा आणि तिथल्या कृती ब्रॅम्ली नावाचं सफरचंद गृहीत धरतात. नॉटिंगहॅमशायरमधल्या साउथवेल गावी 1809 मध्ये एका मुलीने पेरलेल्या बियांतून त्याचं पहिलं झाड आलं. ते नुसतं खाववत नाही इतकं आंबट असतं आणि शिजलं की विरघळून फेसासारखं होतं. म्हणून त्या कृतींत फळात भरपूर साखर असते. आपल्याकडच्या हिमाचल-काश्मीरच्या लाल डेलिशसमध्ये तेवढी साखर घातलीत तर मुरांबा होईल. एक किलो सफरचंदांना तीन चमचे साखर पुष्कळ झाली, आणि एका लिंबाचा रस घालायचाच. मी निम्मी लाल आणि निम्मी हिरवी ग्रॅनी स्मिथ घेतो. हिरवी महाग पडतात, पण आंबट असतात आणि फोडी फोडीच राहतात. ऑगस्ट ते नोव्हेंबर नवा माल असतो तेव्हा काही बघावं लागत नाही. फेब्रुवारीनंतर शीतगृहातली येतात, ती एक कापून खाऊन बघा. रवाळ लागली तर परत ठेवा, भाजून त्यांचा लगदा होतो. सोलून पाऊण इंचाच्या फोडी. त्या काळ्या पडतात म्हणून मिठाच्या पाण्यात वगैरे टाकू नका, वर दालचिनी आणि भुगा येणार आहे, कोण बघतंय?

महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेऱ्या घालायचा मोह हिवाळ्यात होणारच. घाला, पण सफरचंदाबरोबर, एकट्या नाही. त्यांना इतकं पाणी सुटतं की खाली सरबत आणि वर भिजलेला भुगा होतो. पाव किलो स्ट्रॉबेऱ्यांना एक सपाट चमचा कॉर्नफ्लॉवर लावून ठेवा, आणि बारीक चिरू नका, अर्ध्या पुरे. पुरंदरची ताजी अंजिरं मिळाली तर चार-पाच चिरून सफरचंदात टाका, फार सुंदर लागतात. हापूस घालायचा नाही. हापूस भाजणाऱ्याशी मी बोलत नाही.

पुन्हा विचारतो: भांडं ओव्हनमध्ये घालून बघितलंत का? फळं आणायच्या आधी विचारायला हवं होतं, पण बघितलं नसेल तर आत्ता उठा.

भुग्यासाठी 180 ग्रॅम पीठ, 100 ग्रॅम लोणी, 80 ग्रॅम साखर. पिठात मी एक भाग कणीक आणि दोन भाग मैदा घेतो, कणकेने खमंगपणा येतो. वर दोन चमचे जाडा रवा, कुरकुरीतपणासाठी. ओट्स घालतात, घाला, माझा आग्रह नाही. अमूलचं पिवळं बटर वापरलंत तर मीठ घालू नका, ते खारट असतंच, आणि 100 ग्रॅमची एक वडी बरोब्बर लागते. अंडं कुठेच नाही, त्यामुळे पंगतीत कोणाला काय चालतं हे विचारत बसावं लागत नाही.

कृती म्हणजे काय, आपलं मोहन चोळणं. शंकरपाळ्यांच्या पिठाला चोळतो तसंच, मूठ वळली पाहिजे. पण इथेच आपला सवयीचा हात घात करतो. शंकरपाळ्यांना मोहन कडकडीत घालतात, इथे लोणी फ्रीजमधून नुकतं काढलेलं, टणक हवं. वितळलेलं लोणी पिठात जिरून बसतं आणि वर भुगा न होता बिस्किटासारखी सपाट, कडक फरशी होते. थंड लोणी छोट्या कणांत राहतं, भाजताना जागच्या जागी वितळतं आणि चुरा सुटा होतो. म्हणून वडीचे सुरीने तुकडे करा, नुसत्या बोटांच्या टोकांनी चोळा, तळहात लावू नका, तो गरम असतो. पुण्यातल्या एप्रिल-मे महिन्यात पीठसुद्धा अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवावं लागतं. मूठ वळली, बोटाने टोचल्यावर मोडली की थांबा. काही कण रव्याएवढे, काही वाटाण्याएवढे, असंच हवं. पाण्याचा एक थेंबही घालायचा नाही. आई शेजारी उभी असेल तर ती “थोडं दूध शिंपड, गोळा होईल” म्हणेल. गोळा करायचा नाहीये. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटनमध्ये 1940 साली लोणी-साखरेला रेशन लागलं आणि रेशनिंग पुरतं उठायला 1954 उजाडलं. त्या काळात पायसाठी खालीवर पारी लाटण्यापेक्षा वरून नुसता भुगा भुरभुरवणं परवडायचं, म्हणून हा पदार्थ घरोघर गेला असं सांगतात. लाटणं टाळण्यासाठीच जर हा पदार्थ आहे, तर गोळा कशाला?

साखर साधीच घ्या, पिठीसाखर नको. गुळाची पावडर चालते, पण लवकर काळी पडते, लक्ष ठेवा.

भुगा आदल्या रात्री करून डब्यात भरून फ्रीजरमध्ये टाकला तर उत्तम, थेट तसाच पसरायचा. फळं मात्र सकाळी चिरा. दोन्ही रचून रात्रभर ठेवू नका, खालून भिजतं. आदल्या रात्रीच, भुगा फ्रीजरमध्ये गेल्यावर, भांडं परत एकदा ओव्हनमध्ये घालून बघा. हो, परत. या वेळी खाली रस गळून सांडेल तो धरायला जो ट्रे ठेवणार आहात, तोही ठेवून. ट्रे एक खाच अडवतो, मग जाळी एक खाच वर सरकते, मग भुगा रॉडला टेकतो. मला हे दुसऱ्या वेळी कळलं, म्हणजे पहिली चूक सुधारून मी निवांत झालो होतो तेव्हा.

पाहुणे यायच्या दिवशी: ओव्हन 180 वर, दोन्ही रॉड, पंधरा मिनिटं आधी. फळं, साखर, लिंबू, दालचिनी कालवून भांड्यात. भांडं काठोकाठ नको, बोटभर रिकामं. भुगा वर मोकळा सोडायचा, थापायचा नाही. मंडळी जेवायला बसली की आत घालायचं, पान उठेपर्यंत होतं. चाळीस ते पंचेचाळीस मिनिटं. वरून तांबूस झालं म्हणून काढू नका, कडेने रस बुडबुडायला लागला पाहिजे. वर फार तांबूस व्हायला लागलं तर फॉइल सैलसर टाका. काढल्यावर पंधरा मिनिटं तसंच ठेवा, रस आळतो आणि जिभाही वाचतात. ते कुठे ठेवणार ती जागा आधी मोकळी करा, ओल्या ओट्यावर नको, काच आहे.

बरोबर कस्टर्ड. पावडरचं, डब्यावर लिहिलंय तसं, फक्त फळं न घालता आणि गरम. बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्डने 1837 मध्ये ती पावडर केली कारण त्याच्या बायकोला अंडं चालत नव्हतं, म्हणजे तीही आपल्या पंगतीचीच. नाहीतर व्हॅनिला आइस्क्रीम. दोन्ही नको.

उरलं तर फ्रीजमध्ये. दुसऱ्या दिवशी ओव्हनमध्येच दहा मिनिटं गरम करा, मायक्रोवेव्हमध्ये भुगा मऊ पडतो. आणि गरम असताना झाकण घालू नका, वाफ धरते.