क्रॉन लावण्याआधी: कारखान्याच्या सर्व्हरसाठी तयारीची यादी

समजा, सोलापूरच्या अक्कलकोट रोड एमआयडीसीतला टॉवेल-चादरीचा कारखाना आहे. सर्व्हरकडून तीनच गोष्टी हव्यात: रात्रीचा बॅकअप, सकाळचा स्टॉक रिपोर्ट, शनिवारचं पगारपत्रक. ठरलेल्या वेळी कामं आपोआप चालवणारा लिनक्सचा प्रोग्राम म्हणजे क्रॉन. त्याची ओळ लिहायला दोन मिनिटं पुरतात. वेळ जातो तो त्याआधीच्या तयारीत.

आधी घड्याळ बघा. भाड्याचा क्लाउड सर्व्हर बहुधा यूटीसीवर, म्हणजे जागतिक प्रमाणवेळेवर असतो, म्हणजे आपल्यापेक्षा साडेपाच तास मागे. शनिवारी पहाटे २ ला पगारपत्रक हवं असेल, तर तिथे शुक्रवार रात्री ८:३० लिहावं लागतं. एवढं जमून जाईल, पण १ तारखेच्या पहाटेचं काम आदल्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी जाऊन पडतं, आणि तो दिवस कधी २८, कधी ३०, कधी ३१. आकडेमोड करत बसू नका. सर्व्हरचा टाइमझोन कोलकाता करा आणि क्रॉनची सर्व्हिस रीस्टार्ट करा.

क्रॉनच्या ओळीत वेळेचे रकाने पाचच: मिनिट, तास, तारीख, महिना, वार. त्यातले तारीख आणि वार दोन्ही भरले की दोन्ही जुळायची वाट क्रॉन बघत नाही, एक जुळलं तरी काम सुरू. ‘पहिला सोमवार’ म्हणून १ ते ७ तारीख आणि सोमवार लिहिलंत, तर पहिले सातही दिवस आणि वर प्रत्येक सोमवारी रिपोर्ट येईल. वाराची तपासणी स्क्रिप्टमध्येच (क्रॉन चालवतो त्या कमांडांच्या फाइलमध्ये) ठेवा. सुट्ट्यांचंही तसंच. संक्रांतीची तारीख फारशी हलत नाही, म्हणून गड्ड्याची (सोलापूरच्या सिद्धेश्वर यात्रेची) सुट्टी एक वेळ रकान्यात बसवता येईल. दिवाळी दरवर्षी सरकते. सुट्ट्यांची वेगळी फाइल करा, स्क्रिप्ट ती वाचेल.

हाताने चालवलेली स्क्रिप्ट क्रॉनमधून चालेलच असं नाही. प्रोग्राम कुठे शोधायचे ते सांगणारी तुमच्या लॉगिनची पाथ-सेटिंग क्रॉनला मिळत नाही, म्हणून प्रत्येक प्रोग्रामचा पूर्ण पत्ता द्या. बॅकअपच्या नावात तारीख घालायला टक्क्याचं चिन्ह वापरता ना? क्रॉनटॅबमध्ये, म्हणजे क्रॉनच्या ओळींच्या यादीत, ते चिन्ह आलं की कमांड तिथेच तुटते. आधी उलटी तिरकी रेघ द्या, किंवा सरळ सगळं स्क्रिप्टमध्ये हलवा. मला दुसरं बरं वाटतं.

सर्व्हर ऑफिसातच असेल तर लाईटचा विचार हवा. मशीन बंद असताना हुकलेलं काम साधा क्रॉन नंतर करत नाही. रोजच्या कामाला ॲनाक्रॉन चालेल, तो हुकलेलं काम नंतर करतो. नाहीतर लिनक्समधलाच सिस्टमडी टायमर घ्या आणि त्यात ‘पर्सिस्टंट’ चालू करा, म्हणजे हुकलेलं काम मशीन सुरू झाल्यावर होईल. दर १५ मिनिटांच्या कामाला फ्लॉक या कमांडचं कुलूप लावा, म्हणजे आधीची फेरी रेंगाळली तर दुसरी तिच्यावर चढणार नाही.

क्रॉनटॅबची प्रत वेगळ्या फाइलमध्ये काढून ठेवा. क्रॉनटॅब कमांडला ‘ई’ जोडलं की यादी संपादनासाठी उघडते, ‘आर’ जोडलं की न विचारता अख्खी पुसली जाते, आणि कीबोर्डवर ही दोन अक्षरं शेजारी-शेजारी आहेत!

एररसकट सगळं आउटपुट लॉगमध्ये जाऊ द्या. पण लॉग रोज कोण उघडतंय? त्यापेक्षा बॅकअप झाल्याचा मेसेज रोज हिशेबनीसांना जाऊ द्या आणि सांगून ठेवा, “एखाद्या सकाळी आला नाही तर लगेच फोन करा.” पहिली फेरी कामाच्या दिवशी अकराच्या सुमारास, तुम्ही जागेवर असताना लावा, आणि त्या बॅकअपमधून एक फाइल परत काढून उघडते का ते बघा. मगच वेळ रात्रीची करा.